परसातल्या मुळ्याची बेगमी

पेरणीविषयी आपल्याकडे जितके लिहिले, बोलले आणि शिकविले जाते, त्याच्या दशांशानेही काढणीनंतरच्या व्यवस्थेविषयी लिहिले जात नाही. आणि त्यातही जे पीक विक्रीसाठी नसून घरच्या तोंडासाठी परसात घेतलेले असते, त्याची दखल तर कोणत्याच दफ्तरात घेतली जात नाही. याचा परिणाम ज्याला पाहावयाचा असेल त्याने कार्तिक उतरणीला लागल्यापासून माघापर्यंत भोर आणि वेल्हे या दोन तालुक्यांतल्या (वेल्ह्याला सरकारी कागदांत आता राजगड तालुका म्हणतात) कोणत्याही गावी जावे आणि घरामागच्या वाफ्यांकडे लक्षपूर्वक पाहावे. मुळा उत्तम उगवलेला असतो, पाला हिरवागार असतो, आणि तरीही त्यातला बराच मुळा माणसाच्या मुखी लागत नाही. एक तर तो जमिनीतच राहून जरड होतो, नाही तर एकाच दिवशी सगळा उपटला जातो, दुसऱ्या दिवशी मान टाकतो आणि तिसऱ्या दिवशी उकिरड्यावर किंवा दावणीला जातो. हे नुकसान आपल्या गैरसमजातून उद्भवलेले आहे आणि ते जवळजवळ सगळे टाळता येण्याजोगे आहे, असे माझे स्पष्ट मत आहे. आणि ज्या अर्थी ते टाळता येण्याजोगे आहे, त्या अर्थी त्याची चर्चा चारचौघांत व्हावी हे मला आवश्यक वाटते.

या मुलखाची प्रकृती ध्यानात घेतल्याखेरीज हा विषय नीट उमगणार नाही. हिरडस मावळ, वेळवंड खोरे, गुंजण मावळ, कानद खोरे अशी ज्यांची नावे शिवकालीन कागदपत्रांत जागोजागी आढळतात ती ही खोरी. भोर संस्थानाच्या अमदानीत ती विचित्रगड, राजगड आणि प्रचंडगड या तालुक्यांत मोडत असत, आणि ८ मार्च १९४८ रोजी संस्थान विलीन झाल्यावर ती पुणे जिल्ह्याच्या हिशेबात आली. पश्चिमेस सह्याद्रीच्या अंगाला पाऊस असा कोसळतो की त्या चार महिन्यांत परसाच्या वाफ्यात बी तग धरीत नाही, आणि पूर्वेकडे सरकत जावे तसतसा तो झपाट्याने उणावतो. पावसाळ्यात सगळी जमीन भाताची. आंबेमोहोर आणि अलीकडे इंद्रायणी. दिवाळीच्या आगेमागे कापणी उरकली की खाचरातल्या ओलीवर हरभरा, मसूर, वाल पडतो, आणि जिथे मोरीचे पाणी पोहोचते किंवा विहिरीचा एखादा पाट वळविता येतो अशा घरालगतच्या तुकड्यात मुळा, मेथी, कोथिंबीर यांचे वाफे पडतात. गेल्या शतकाच्या तिसऱ्या दशकात भाटघरला बांधून पुरे झालेल्या धरणाचे पाणी नीरेच्या कालव्यांनी बारामती, इंदापूर, फलटणच्या उसाला गेले. ज्यांच्या डोळ्यांदेखत ते साठते त्यांच्या परसाला मात्र हंड्या-कळशीचे मोजके पाणीच लाभते. अशा मोजक्या पाण्यावर दीड-दोन महिन्यांत हाती येणारे पीक म्हणून मुळ्याची निवड पिढ्यान्‌पिढ्या होत आली, आणि ती शहाणपणाची निवड होती. परंतु मोजक्या पाण्यावर वाढविलेली वस्तू वाया घालविणे हे विपुल पाण्यावर वाढविलेली वस्तू वाया घालविण्यापेक्षा अधिक दोषास्पद आहे, हेही त्याबरोबर मान्य केले पाहिजे.

पहिली चूक काढणीच्या वेळेची. मुळा जितका लांब आणि जाड तितका तो चांगला, ही समजूत बाजाराने आपल्या मनात रुजविली. व्यापाऱ्याला वजन हवे असते आणि गिऱ्हाइकाला पैशाच्या मोबदल्यात दिसायला मोठी जुडी हवी असते, म्हणून बाजारापुरती ती समजूत क्षम्य आहे. घरच्या वाफ्याला मात्र ती लागू करण्याचे काही एक कारण नाही. मुळ्याची पक्वता लांबीवरून ठरविण्यापेक्षा दिवसांवरून ठरविणे अधिक बिनधोक. पुसा चेतकी ही जात पेरल्यापासून ४०-४५ दिवसांत काढणीस येते, पुसा देशीला ५०-५५ दिवस लागतात, जपानी पांढऱ्याला ६०-६५. या मुदतीनंतर मुळा वाढत नाही असे नाही. तो आकाराने वाढतच राहतो, आणि लोक फसतात ते इथेच. आतल्या पेशी ताणल्या जातात, त्यांतला रस आटतो, पोकळ्यांत हवा शिरते, आणि जो काप आठवड्यापूर्वी पाणीदार आणि किंचित पारदर्शक दिसत होता तो कापसासारखा पांढराफटक आणि कोरडा निघतो. उन्हाचा कडाका वाढला किंवा पाण्यात खंड पडला तर हे सगळे आणखी लवकर घडते, शिवाय तिखटपणा इतका चढतो की लहान मुले त्याला तोंड लावीत नाहीत. असा मुळा कितीही काळजीने ठेवला तरी त्यात ठेवण्याजोगे काही उरलेले नसते. साठवणीचा निम्मा प्रश्न काढणीच्या दिवशीच सुटतो किंवा बिघडतो, हे ज्याला पटले त्याला पुढचे फारसे शिकवावे लागत नाही.

आपल्या पूर्वजांना ही गोष्ट चांगली ठाऊक होती. चरकसंहितेच्या सूत्रस्थानातील सत्ताविसाव्या अध्यायात, जिथे अन्नपानाचा विचार केला आहे, तिथे कोवळा मुळा दोषांचे हरण करणारा आणि जून मुळा तिन्ही दोष वाढविणारा असा स्वच्छ भेद केलेला आहे. एकाच कंदाला वयाप्रमाणे औषधाच्या आणि अपथ्याच्या अशा दोन परस्परविरुद्ध बाजूंना बसविणारा हा निर्णय आधुनिक भाषेत कसाही मांडला, तरी परसातल्या माणसाला त्यातून मिळणारा आदेश एकच आहे की मुळा वेळेवर काढ. माघ महिन्यात मुळा वर्ज्य मानण्याचा जुना आचारही मला याच दृष्टीने अर्थपूर्ण वाटतो. आश्विन-कार्तिकात पेरलेला मुळा माघ लागेपर्यंत आपल्या हवेत जून झालेला असतो, दिवस मोठा होऊ लागलेला असतो, आणि झाडाने फुलाचा दांडा वर काढण्याची तयारी चालविलेली असते. त्या मुळ्यात चव राहत नाही आणि पचनालाही तो जड जातो. धर्मशास्त्रकारांच्या मनात नेमके हेच होते असा दावा मी करीत नाही, परंतु जो गृहस्थ पौषाअखेर आपला वाफा मोकळा करील त्याला आचाराचे पालन आणि जिभेचे समाधान दोन्ही साधतील, एवढे निश्चित.

मुळा आतून कसा आहे हे उपटल्याशिवाय कळत नाही, ही तक्रारही खरी नाही. कानद खोऱ्यातल्या एका घरी वयोवृद्ध गृहिणीला मी वाफ्यात बसून मुळा निवडताना पाहिले आहे. बाहेरच्या बाजूचे एक जुने पान धरून त्याचा देठ ती मुळापासून बोटभर अंतरावर मोडी, मोडलेल्या टोकाकडे डोळे बारीक करून पाही, आणि मग त्या रोपाला हात घाली किंवा पुढे सरके. देठ भरीव आणि ओलसर असला तर मुळाही भरीव, देठात नळी पडलेली दिसली तर मुळ्यातही पोकळी धरू लागली असे समजावे. “आधी पाला मोडून बघा, मग हात घाला,” एवढेच ती म्हणाली. ही परीक्षा मी त्यानंतर अनेकदा करून पाहिली आहे आणि ती सहसा खोटी ठरत नाही. मुळ्याचा खांदा जमिनीच्या वर दोन बोटे उचलला गेला, देठ भरीव आहे, आणि दिवस भरत आले आहेत, या तीन खुणा जुळल्या की उद्यावर ढकलू नये.

काढणीची रीतही हवी तितकी पाळली जात नाही. कोरड्या घट्ट जमिनीतून पाला धरून हिसका दिला की निम्मा मुळा जमिनीत राहतो आणि हाती आलेल्याला चीर पडते. चीर पडलेला, खुरप्याचा घाव लागलेला मुळा तासाभरातल्या जेवणाला चालतो, ठेवायला चालत नाही, कारण कुजण्याची सुरुवात त्या घावापासून होते. आदल्या संध्याकाळी वाफ्याला हलके पाणी द्यावे, सकाळी वापसा आल्यावर बाजूची माती खुरप्याने सैल करावी, आणि पाल्याच्या अगदी बुडाशी धरून सरळ वर ओढावे. काढणी उन्हे तापण्याआधी करावी. दुपारी उपटलेल्या मुळ्याच्या अंगात दिवसाची उष्णता असते आणि ती त्याला लवकर सुकविते. आणि सगळ्यांत महत्त्वाचे म्हणजे सगळा वाफा एका दिवशी रिकामा करू नये. खरे पाहता ही तजवीज पेरणीच्या वेळीच करावयाची असते. बी एकदम न टाकता दर आठ-दहा दिवसांनी एकेक ओळ टोकली, तर मुळा हप्त्याहप्त्याने तयार होतो, आणि जमीन हेच त्याचे पहिले कोठार ठरते. दिवस भरल्यानंतर थंडीत आणखी आठवडाभर तो जमिनीत सुखाने राहतो. त्यापुढे मात्र त्या कोठारावर भरवसा ठेवू नये.

आता दुसऱ्या चुकीकडे येतो, आणि ती माझ्या मते पहिलीपेक्षा मोठी आहे, कारण ती जवळपास प्रत्येक घरी होते. मुळा उपटल्याबरोबर त्याचा पाला वेगळा केला पाहिजे, आणि तो आपण करीत नाही. भोरच्या आठवडे बाजारात मुळ्याच्या जुड्या पाल्यासकट मांडलेल्या असतात, कारण हिरवा टवटवीत पाला हा गिऱ्हाइकाला ताजेपणाचा दाखला वाटतो. आपणही घरी तीच जुडी बांधून कोपऱ्यात उभी करतो आणि सकाळी मुळे लिबलिबीत का झाले याचे नवल करीत बसतो. कारण अगदी साधे आहे. पान उपटल्यानंतरही जिवंत असते आणि आपल्या पृष्ठभागातून बाष्प बाहेर टाकीतच असते. जमिनीतून मिळणारे पाणी तुटल्यामुळे ते आपली तहान खालच्या मुळातून भागविते. मुळ्याच्या शंभर भागांत चौऱ्याण्णव-पंचाण्णव भाग पाणीच असते, आणि ते पाणी असे पानांवाटे रात्रीतून उडून जाते. शीतगृहाचे ज्यांनी शास्त्र केले त्यांचा अनुभवही हाच आहे: शून्य अंशाच्या आसपास आणि भरपूर दमट हवेत पाल्यासकट बांधलेली मुळ्याची जुडी एक-दोन आठवडे टिकते, तर पाला काढलेले लहान मुळे तीन-चार आठवडे टिकतात. लांब पांढऱ्या हिवाळी जाती तशाच थंडीत दोन-तीन महिनेही राहतात. विळ्याचा एक फटका मारला न मारला एवढ्यावर दुपटीचा फरक पडतो. कापताना देठाचा बोटाच्या पेराएवढा भाग मुळ्याला ठेवावा आणि खालची शेपटी मुळीच तोडू नये, म्हणजे कंदाला जखम होत नाही.

शून्य अंशाची हवा भोरात कोणाच्या घरी नाही, हे उघड आहे. शीतकपाट असेल त्याने पाला काढलेले मुळे न धुता, माती कोरड्या फडक्याने पुसून, भोके पाडलेल्या पिशवीत खालच्या खणात ठेवावेत. धुऊन ओले ठेवलेले मुळे बुळबुळीत होतात, आणि स्वच्छतेच्या भाबड्या ओढीने हीच चूक सर्वाधिक होते. ज्यांच्याकडे शीतकपाट नाही, किंवा आहे पण वीज बेभरवशाची आहे, त्यांनी हताश होण्याचे कारण नाही. नीरा-गुंजवणीच्या खोऱ्यांत मार्गशीर्ष-पौषाच्या रात्री चांगल्या थंड असतात आणि मातीच्या भिंतींची जुनी घरे दिवसाही आतून गार राहतात. अशा घराच्या अंधाऱ्या कोपऱ्यात एक लाकडी खोके किंवा फुटक्या काठाचा माठ ठेवून त्यात वाळूचा थर द्यावा. वाळू इतपतच दमट असावी की मुठीत दाबली असता तिचा गोळा व्हावा पण बोटांतून पाणी निथळू नये. त्यावर मुळे एकमेकांना न भिडतील असे आडवे मांडावेत, पुन्हा वाळू, पुन्हा मुळे, आणि वर चार बोटे वाळूचे पांघरूण घालावे. चार-पाच दिवसांनी एकदा हात घालून पाहावे. एखादा मऊ पडू लागला असेल तर तो बाहेर काढावा आणि त्याच दिवशी आमटीत घालावा. थंड देशांत अशा वाळूत मुळा सबंध हिवाळा काढतो. आपल्या हवेत दोन-अडीच आठवड्यांहून अधिक अपेक्षा करू नये, पण तेवढ्या मुदतीत पुढची ओळ तयार होते आणि घरातला मुळा खंडत नाही.

याहून मोठ्या प्रमाणावर ठेवावयाचे असेल तर दिल्लीच्या भारतीय कृषी संशोधन संस्थेने मागील शतकाच्या नवव्या दशकाच्या आरंभी सिद्ध केलेला शून्य ऊर्जा शीतकक्ष आहे, ज्याची माहिती आज चाळीस वर्षांनंतरही आपल्या गावांत फार थोड्यांना आहे. विटांचा ओटा, त्यावर विटांचीच दुहेरी भिंत, दोन भिंतींमध्ये साडेसात सेंटिमीटरची पोकळी, पोकळीत वाळू, वर बांबूच्या सांगाड्यावर गवताचे झाकण, आणि सकाळ-संध्याकाळ वाळू भिजविण्याइतके पाणी. एवढ्यावर उन्हाळ्यात आतली हवा बाहेरच्यापेक्षा दहा-पंधरा अंशांनी थंड राहते आणि तिच्यातला ओलावा नव्वद टक्क्यांच्या आसपास टिकतो. सुमारे साडेपाच फूट लांबीच्या अशा कक्षात शंभर किलो भाजी मावते. विजेचा खर्च नाही, यंत्र नाही, बिघडण्यासारखे काही नाही. गवंडी गावातला, वाळू ओढ्यातली, बांबू वेल्ह्याच्या डोंगरातला. हवा कोरडी असेल तेव्हाच याचा उपयोग होतो, पावसाळ्यात तो निरुपयोगी आहे, हे खरे. परंतु मुळ्याचा आपला हंगामच कोरड्या हवेचा आहे, सबब ही अडचण येथे अडचण राहत नाही.

वेगळा केलेला पाला कुठे जातो, हा प्रश्न मी मुद्दाम स्वतंत्रपणे विचारतो, कारण त्याचे उत्तर बहुतेक घरी “गुरांपुढे” असे आहे. कंदापेक्षा पाला अधिक सत्त्वयुक्त आहे; कॅल्शियम, लोह आणि जीवनसत्त्वे यांच्या बाबतीत कंद त्याच्या जवळपासही पोहोचत नाही. कोवळ्या पाल्याची पीठ पेरून केलेली भाजी किंवा मुगाच्या डाळीबरोबरची भाजी ज्याने ज्वारीच्या भाकरीशी खाल्ली आहे त्याला हे शास्त्र सांगावे लागत नाही. पाला ओल्या फडक्यात दोन दिवस राहतो, त्यापुढे पिवळा पडतो. म्हणून जो त्या दोन दिवसांत संपणार नाही तो धुऊन, निथळून, बारीक चिरून सावलीत वाळवावा. हरभऱ्याचा कोवळा पाला खुडून वाळविण्याची आणि पावसाळ्यात हिरवी भाजी दुर्मिळ झाल्यावर त्याची लसूण-मिरचीची भाजी करण्याची पद्धत महाराष्ट्रभर आहे. हरभऱ्याच्या पाल्याला जो मान मिळतो तो मुळ्याच्या पाल्याला का मिळू नये, याचे समाधानकारक उत्तर मला आजवर कोणाकडूनही मिळालेले नाही. आषाढात वेल्ह्याच्या पश्चिमेकडच्या वाड्यांवर दरड कोसळून रस्ता बंद पडतो आणि भाजीची गाडी येत नाही, तेव्हा डब्यातल्या मूठभर वाळलेल्या पाल्याची किंमत कळते.

कंदही वाळविता येतो. चरकाने वाळलेल्या मुळ्याचा स्वतंत्र उल्लेख करून त्याला कफ आणि वात जिंकणारा म्हटले आहे, यावरून तो वाळवून ठेवण्याची रीत आपल्या देशात किती जुनी असावी याचा अंदाज बांधता येतो. आजच्या काळी मात्र या कलेत जपानी आणि नेपाळी लोक आपल्या फार पुढे आहेत. नेपाळात मुळे सुकत घालून, गवताने अस्तर दिलेल्या खड्ड्यात दाबून, तीन-चार आठवडे आंबवितात आणि नंतर उन्हात वाळवितात. त्याला ते सिन्की म्हणतात आणि वर्षभर त्याचे सार करतात. जपानात लांब मुळे वाऱ्यावर टांगून, ते वाकविले असता मोडणार नाहीत इतके सुकले की, मीठ आणि भाताचा कोंडा यांच्या थरांत रांजणात दडपून ठेवतात, आणि ते ताकुआन नावाचे लोणचे महिनोन्‌महिने टिकते. ही दुसरी रीत वाचताना भोरच्या माणसाने क्षणभर थांबावे असे मला वाटते. मुळा आपल्या परसात आहे, भात आपल्या खाचरात आहे, कोंडा आपल्याच गिरणीतून पोत्याने निघतो, आणि या तिहींना एकत्र आणण्याचा विचार मात्र हजारो मैलांवरच्या लोकांनी केला. हलरच्या जुन्या गिरणीत कोंडा आणि तूस एकत्र पडतात, तेव्हा तो चाळून घ्यावा लागेल. मिठाचे प्रमाण आपल्या उष्ण हवेला अनुसरून वाढवावे लागेल. आणि वासाची सवय व्हायला एक हंगाम जाईल. हे सगळे मान्य करूनही एखाद्या महिला बचत गटाने हा प्रयोग करून पाहावा, अशी माझी फार इच्छा आहे. ज्यांना इतके दूर जावयाचे नाही त्यांनी मुळ्याच्या चकत्यांना मीठ लावून पाणी सुटू द्यावे, त्या हलक्या पिळून उन्हात कडकडीत वाळवाव्यात, आणि सुटलेले पाणी फेकून न देता थालीपिठाच्या पिठात घालावे. दहा किलो मुळ्याच्या वाळून जेमतेम अर्धा-पाऊण किलो चकत्या होतात. एका बरणीत एका वाफ्याचे पीक मावते.

एवढा खटाटोप पाच-दहा रुपयांच्या जुडीसाठी कशाला, असा आक्षेप येईल, आणि तो येतोही. जुडी पाच-दहा रुपयांची असते ती बाजार कोसळलेला असतो तेव्हा, म्हणजे नेमकी आपल्याही परसात मुळा असतो त्या दिवसांत. फाल्गुनानंतर तीच जुडी त्या दराने मिळत नाही, आणि डोंगरातल्या वाडीला तर कोणत्याच दराने मिळत नाही. दुसरे असे की या हिशेबात बाईचे श्रम कधीच धरलेले नसतात. वाफा तिने खुरपला, पाणी तिने वाहिले, आणि पीक वाया गेले तर तिचेच श्रम वाया गेले. वाळविण्याचे, निवडण्याचे काम पुन्हा तिच्याच गळ्यात पडू नये, हेही मला तितक्याच आग्रहाने सांगावयाचे आहे. वाळूचे खोके भरणे, शीतकक्षाला पाणी घालणे, पाला कापून ठेवणे ही कामे घरातल्या पुरुषांनी आणि शाळकरी मुलांनी करण्यात कोणताही कमीपणा नाही. आणि तिसरे, हा मुलूख गडकोटांचा आहे. गडावर पुरेसा झरा असला तरी तेवढ्यावर निश्चिंत राहू नये, आणखी टाकी बांधून पाण्याचा जादा साठा राखावा, असे रामचंद्रपंत अमात्यांच्या आज्ञापत्रात बजावलेले आहे. राजगड-तोरण्याच्या पायथ्याशी राहणाऱ्यांना बेगमी म्हणजे काय हे परक्याने शिकवावे, अशी वेळ येऊ नये.

सगळे मुळे मात्र काढू नयेत. वाफ्यातली सरळ वाढलेली, निरोगी, उशिरा फुलावर येणारी पाच-सात झाडे काठी रोवून राखून ठेवावीत. त्यांना दांडा येतो, पांढरी-जांभळी फुले येतात, मधमाश्यांची झुंबड उडते, आणि मग डिंगऱ्या लागतात. कोवळ्या डिंगऱ्यांची भाजी ही आपल्या स्वयंपाकातली एक अत्यंत देखणी आणि अत्यंत उपेक्षित वस्तू आहे. शहरात ती विकत मिळणे कठीण झाले आहे आणि खेड्यात ती करणाऱ्या बायका वृद्ध होत चालल्या आहेत. निम्म्या डिंगऱ्या भाजीला घ्याव्यात, निम्म्या झाडावर पिवळ्या पडून वाळू द्याव्यात. शेजारी दुसऱ्या जातीचा मुळा फुलावर असेल तर माश्या परागांची सरमिसळ करतात, म्हणून बियाण्यासाठी एकच जात राखावी. वाळलेल्या शेंगा कुटून निघालेले बी राखेत घोळवून कोरड्या मडक्यात ठेवले तर तीन वर्षे तरी उगवते. लवकर फुलावर आलेल्या झाडाचे बी आळसाने धरले, तर पुढच्या साली सगळाच वाफा लवकर फुलेल, एवढी खबरदारी घ्यावी.

शासन परसबागेविषयी उदासीन आहे असे म्हणता येणार नाही. उमेद अभियानाने माझी पोषण परसबाग ही मोहीम राज्यभर चालविली, शाळांतून मध्यान्ह भोजनासाठी परसबागा करविल्या गेल्या, आणि त्या कामाचे मोल मी यत्किंचितही कमी लेखीत नाही. परंतु परसबागेचा आपला एकंदर विचारच लावणीपाशी सुरू होऊन उगवणीपाशी थांबतो. किती वाफे केले, कोणते बी वाटले, किती घरांनी भाग घेतला, यांच्या नोंदी होतात आणि छायाचित्रे निघतात. त्या वाफ्यातला मुळा कोणत्या दिवशी निघाला, किती खाल्ला गेला, किती ठेवला आणि किती फेकला, हे विचारणारा रकाना माझ्या पाहण्यात आलेल्या कोणत्याही नोंदवहीत नव्हता. जे विचारले जात नाही ते सांभाळलेही जात नाही. भोर आणि वेल्हे येथील पंचायत समित्यांनी आपल्या हद्दीतल्या प्रत्येक मोठ्या शाळेच्या आवारात एक शून्य ऊर्जा शीतकक्ष बांधवावा; त्याला लागणाऱ्या विटा आणि दोन-तीन दिवसांची मजुरी ही रक्कम कोणत्याही ग्रामपंचायतीच्या आवाक्याबाहेरची नाही. आणि परसबागेच्या नोंदवहीत काढले, खाल्ले, ठेवले, टाकले असे चार रकाने घालून ती वही येत्या रब्बीची पेरणी सुरू होण्याआधी छापून गावोगाव पोहोचती करावी, एवढी माझी दोन्ही समित्यांना विनंती आहे.